नाव ऑफिसचं, गोष्ट ल्यूटनची

मालिकेचं नाव आधी ठरतं आणि गोष्ट मागाहून येते, हे बाहेरच्या माणसाला सांगितलं की त्याला विनोद वाटतो. मी डेली सोप लिहून घर चालवते, मला नाही वाटत. एका मीटिंगमध्ये तर मला मालिकेचं नाव, शीर्षकगीताची चाल आणि होर्डिंगवर जाणारा नायिकेचा फोटो एवढं सगळं तयार दाखवलं आणि वर विचारलं, 'मॅडम, आता ह्यात होतं काय, ते सांगा.' त्यामुळे हॉलिवूडचा जुना भयपट-निर्माता व्हॅल ल्यूटन याच्या नोकरीच्या अटी वाचल्या तेव्हा हा गृहस्थ आपल्याच खात्यातला निघाला असं वाटलं.

अटी अशा. साल १९४२. हॉलिवूडचा आरकेओ स्टुडिओ पार डबघाईला आलेला. ऑर्सन वेल्सच्या 'सिटिझन केन'ने कौतुक आणलं, पैसा आणला नाही; 'द मॅग्निफिसंट अँबरसन्स'ने होतं तेही घालवलं. चार्ल्स कर्नर हे नवे साहेब आले आणि इथून पुढे प्रतिभेच्या जागी शोमनशिप, अशी जाहीर घोषणाच स्टुडिओने करून टाकली. शेजारी युनिव्हर्सल ड्रॅक्युला नि फ्रँकेन्स्टाइनवर बख्खळ कमावत होतं. मग आपणही स्वस्तातले भयपट काढू म्हणून एक छोटं युनिट उघडलं आणि त्यावर ल्यूटनला नेमलं. पगार आठवड्याला २५० डॉलर. सिनेमा दीड लाख डॉलरच्या आत बसवायचा. लांबी ७५ मिनिटांच्या आत, कारण एका तिकिटात दोन सिनेमे अशा जोडीच्या खेळात तो दुसऱ्या नंबरला लागणार. आणि नाव ऑफिस देणार. नाव लोकांपुढे टाकून, कितपत खपेल ते बघून मग खाली यायचं.

पहिलं नाव आलं 'कॅट पीपल'. दुसरं आलं 'आय वॉक्ड विथ अ झोंबी'. अशी नावं हातात पडल्यावर माणसापुढे दोन रस्ते असतात. एक, नाक मुरडून पगारापुरतं लिहायचं. दुसरा, नावाला धक्का न लावता आत आपलं ते घालायचं. ल्यूटनने चार वर्षांत अकरा सिनेमे काढले आणि त्यातले बहुतेक दुसऱ्या रस्त्याने काढले. मला त्याच्यात रस आहे तो एवढ्यासाठी. भुतांचं मला फारसं नाही.

माणूस मुळातला लेखक. जन्म १९०४, क्रिमियातल्या याल्टाचा, खरं नाव व्लादिमीर लेव्हेंटन. आई मुलांना घेऊन अमेरिकेला आली ती बहिणीच्या आधाराने. ही बहीण म्हणजे अल्ला नाझिमोव्हा, त्या काळातली रंगभूमीवरची आणि पुढे मूकपटांतली बडी नटी. भाच्याने कोलंबिया विद्यापीठात पत्रकारितेचा अभ्यास केला आणि एका छोट्या वर्तमानपत्रात लागला. तिथे त्याने न्यूयॉर्कच्या उन्हाळ्यात कोशर, म्हणजे ज्यूंच्या धर्मनियमांत बसणाऱ्या, कोंबड्यांचा अख्खा ट्रक तडफडून मेल्याची बातमी दिली. बातमी साफ बनवलेली निघाली आणि नोकरी गेली, असं सांगतात. पुढे टोपणनावांनी काय काय लिहिलं त्याला सुमार नाही. १९३२ साली 'नो बेड ऑफ हर ओन' ही मंदीत होरपळणाऱ्या मुलीची कादंबरी आली, ती बरी खपली. मग एमजीएम स्टुडिओच्या न्यूयॉर्क ऑफिसात प्रसिद्धीचं खातं, आणि तिथून बडा निर्माता डेव्हिड सेल्झनिककडे स्टोरी एडिटर.

सेल्झनिककडची वर्षं म्हणजे लेखकाने कारकुनासारखी काढलेली वर्षं. कादंबऱ्या वाचा, सारांश काढा, साहेबांचे लांबलचक मेमो झेला, दुसऱ्याच्या पटकथेत रात्री बसून दुरुस्त्या करा. 'गॉन विथ द विंड' घेऊ नका, भिकार पुस्तक आहे, असं मत त्याने दिलं होतं. त्याच सिनेमात अटलांटाच्या रेल्वे स्टेशनवर जखमी सैनिकांचा अथांग समुदाय दिसत जातो तो प्रसिद्ध शॉट आहे ना, तो त्याने चेष्टेत लिहून दिला होता म्हणे. एवढा खर्च कोण करतंय असं समजून. सेल्झनिकने केला. पडद्यावर ल्यूटनचं नाव नाही.

आता 'कॅट पीपल'. सर्बियाहून न्यूयॉर्कला आलेली इरेना, आपल्या गावच्या शापामुळे पुरुषाने जवळ घेतलं की आपण बिबट्या होऊ या भीतीने पिचलेली. नवरा भला, पण कंटाळलेला. ऑफिसातली अॅलिस त्याच्यावर जीव लावून बसलेली. सांगायचं तर लग्नाच्या अडचणीची गोष्ट, आपल्याकडे रात्री साडेआठच्या स्लॉटला बेलाशक चालेल. पटकथेवर नाव डिविट बोडीनचं, दिग्दर्शक जाक तुर्नर, कॅमेरा निकोलस मुसुराका, संकलक मार्क रॉबसन. जिना वापरला तो वेल्सच्या 'अँबरसन्स'चा. ज्या सिनेमाने स्टुडिओ बुडवला त्याचाच सेट.

यातल्या एका जागेबद्दल सिनेमावाले सगळेच बोलतात. अॅलिस रात्री सेंट्रल पार्कलगतच्या रस्त्याने एकटी चालली आहे, मागे इरेना. दोघींच्या टाचांचा आवाज. दिवा, अंधार, दिवा, अंधार. मग मागच्या टाचा थांबतात. अॅलिस चालण्याचा वेग वाढवते, वळून बघते, काही नाही. आता झडप पडणार असं वाटतं त्या क्षणी एका बाजूने चित्कारत बस घुसते. हवेच्या ब्रेकचा आवाज, एवढंच. थिएटरात लोक खुर्चीतून उडायचे. ल्यूटनच्या युनिटमध्ये पुढे अशा प्रत्येक धक्क्याला 'बस' म्हणायला लागले आणि दर सिनेमात एक तरी बस हवी असा नेमच झाला. आज भयपटांत दर तीन मिनिटांनी मांजर उडी मारतं, त्या सगळ्याचा मूळ पुरुष हा. त्याबद्दल मात्र मी ल्यूटनला पूर्ण माफ केलेलं नाही.

लोक या सिनेमांबद्दल लिहिताना एक वाक्य हटकून लिहितात: पैसे नव्हते, म्हणून राक्षसाऐवजी सावल्या दाखवल्या. अर्धंच खरं आहे. पैसे होते तेवढ्यात रबराचा मुखवटा आणि दोन किलो केस नक्की बसले असते, इतर स्टुडिओ तेच करत होते. उलट ऑफिसचाच हट्ट होता की बिबट्या दाखवा. चित्रीकरण सुरू होऊन थोडे दिवस होतात न होतात तोच वरच्या एका साहेबाने रशेस, म्हणजे कच्चं चित्रीकरण, बघून तुर्नरला काढायचं ठरवलं होतं. ल्यूटन थेट कर्नरपर्यंत गेला आणि दिग्दर्शक वाचवला. शेवटी ऑफिसच्या प्रसंगात खरा बिबट्या आणावाच लागला, तर तुर्नरने तो टेबलांखालच्या अंधारात असा ठेवला की आहे की नाही याची खात्री पटू नये. पोहण्याच्या तलावाच्या प्रसंगात भिंतीवर जी सावली सरकते ती आपल्या मुठीची आहे, असं त्याने नंतर सांगितलं. थोडक्यात, सावली गरिबीतून आली नाही, भांडून आली. 'मॅडम, पण दिसणार कधी?' हा प्रश्न मलाही आठवड्याला एकदा येतो. सासूने पत्र लपवलं, तर लपवताना दिसलं पाहिजे, मग सुनेला शंका येताना दिसलं पाहिजे, मग नणंदेला दोन्ही दिसलेलं दिसलं पाहिजे.

आणि मुळात न दाखवणं हे लिहावं लागतं. कॅमेरामन सावली पाडेल. पण प्रेक्षकाने त्या सावलीत नेमकं काय बघायचं हे आधीच्या पानांवर पेरलेलं असावं लागतं. याचा उत्तम नमुना 'द लेपर्ड मॅन'मध्ये आहे (१९४३, कॉर्नेल वुलरिचच्या कादंबरीवरून). न्यू मेक्सिकोतलं गाव. नाइट क्लबच्या जाहिरातबाजीत आणलेला काळा बिबट्या सुटलाय. एका गरीब घरात आई पोरीला रात्री मक्याचं पीठ आणायला सांगते, बापाच्या जेवणाला. पोरगी बिबट्याचं नाव काढून टाळाटाळ करते. धाकटा भाऊ भिंतीवर हातांनी बिबट्याची सावली करून तिला चिडवतो. आई तिला अक्षरशः झाडूने बाहेर काढते आणि कडी लावते: पीठ घेतल्याशिवाय परत यायचं नाही. जवळचं दुकान बंद. म्हणून कोरडा ओढा ओलांडून, रेल्वेच्या पुलाखालून पलीकडच्या दुकानात. येताना पुलाखालच्या अंधारात दोन डोळे.

पुढचं सगळं घरातून दिसतं. दार बडवल्याचा आवाज. आई रागातच: आली एकदाची, आता जरा थांब. मग आवाज बदलतो. आई धावते, कडी अडकलेली, हलत नाही. बाहेरून किंकाळी, धडपड, आणि मग दाराखालून फरशीच्या फटीतून रक्ताची बारीक रेघ आत येते. बिबट्या नाही, नख नाही, दात नाही. पीठ, झाडू, कडी आणि आईचा राग. हे मी पटकथेच्या वर्गात शिकवायला वापरते आणि मुलं हमखास विचारतात, हे इतकं क्रूर का वाटतं. कारण आईचं काही चुकलेलं नाही. बापाला जेवायला वाढायचंय, पोरगी कामचुकारपणा करते, रोजचंच आहे. भीती ज्या घरात शिरते ते घर आधी पूर्ण लिहिलेलं आहे.

'आय वॉक्ड विथ अ झोंबी'च्या वेळी तर नाव एका साप्ताहिकातल्या लेखाचं उचललेलं होतं. ल्यूटन लेखकांना म्हणाला, आपण वेस्ट इंडीजमधली 'जेन एअर' करू. म्हणजे मालकाच्या घरी नोकरीला आलेली साधी बाई, मनात दुखणं ठेवून वावरणारा मालक, आणि आत कुठेतरी त्याची बायको. इथे नायिका कॅनडाहून आलेली नर्स आहे, आणि बायको चालते-फिरते पण तिच्यात कोणी नाही. बाईला सांभाळायला नर्स येते तेव्हा बोटीवर तिला समुद्र सुंदर वाटतो. मालक शेजारी उभा राहून सांगतो की ते मासे आनंदाने उड्या मारत नाहीयेत, मोठ्या माशांच्या भीतीने पळताहेत. पाणी चमकतंय ते कुजणाऱ्या जिवांमुळे. दहा वाक्यांत माणूस उभा राहतो. असे संवाद लिहून दिले तर आमच्याकडे कागद परत येतो, 'हिरो निगेटिव्ह वाटतोय' असा शेरा मारून.

पण मला याहून जास्त आवडतो तो पुढचा प्रसंग. बेटावर उतरल्यावर घोडागाडीवाला म्हातारा नर्सला सांगतो की आमचे पूर्वज या घराण्याच्या जहाजातून साखळदंडांत आणले गेले. ती तरुण, भोळी. म्हणते, पण आणलं तर सुंदर जागी. त्यावर तो फक्त म्हणतो, बाई म्हणतात तर तसं. बस्स. वाद नाही, भाषण नाही. पुढे कळतं की इथले लोक मूल जन्मलं की रडतात आणि कोणी मेलं की नाचतात, पिढ्यान् पिढ्यांची सवय आहे ती. १९४३ साली, 'झोंबी' अशा नावाखाली, ६९ मिनिटांच्या दुय्यम सिनेमात हे आहे. शिवाय सर लान्सलट हा कॅलिप्सोचा, म्हणजे वेस्ट इंडीजमधल्या लोकगीतांचा, खराखुरा गायक घराण्यातली कुलंगडी चौकात गाण्यातून ऐकवतो. मालकाचा सावत्र भाऊ ऐकतोय हे कळल्यावर आधी ओशाळतो, पण रात्री उरलेलं कडवं नर्सपाशी येऊन पुरं करतो. पटकथेवर नावं कर्ट सिओडमाक आणि आर्डेल रे यांची.

नावांचंच बघायचं तर, ल्यूटनबरोबर काम केलेले लोक एकमुखाने सांगतात की शेवटचा खर्डा तो स्वतः लिहायचा. दिवसभर ऑफिसात लेखकांबरोबर बसून गोष्ट बोलायची, आणि रात्री पानं आपल्या हातांनी परत लिहायची. कोण कुठून आत येतं, दिवा कुठे आहे, पावलं कशी वाजतात, सगळं त्यात लिहिलेलं. आणि श्रेय घ्यायचं नाही. फक्त दोन सिनेमांवर त्याने लेखक म्हणून नाव घातलं, 'द बॉडी स्नॅचर' आणि 'बेडलम'. तेही कार्लोस कीथ, कादंबरीकाराच्या दिवसांतलं जुनं टोपणनाव. याला लोक नम्रता म्हणतात. मला तशी ती वाटत नाही. निर्माता म्हणून त्याला लेखकांची टीम सांभाळायची होती. साहेबानेच सगळीकडे आपलं नाव लावलं की टीमच्या हातातलं पेन गळतं. आमच्याकडे हेड रायटर नावाचा प्राणी असतो, त्यांच्यापैकी काहींनी हे वाचावं अशी फार इच्छा आहे.

'द कर्स ऑफ द कॅट पीपल' (१९४४) हा या कारकिर्दीतला सगळ्यात गमतीचा प्रकार. ऑफिसला पहिल्याचा दुसरा भाग हवा होता, नावासकट. ल्यूटनला तो 'एमी अँड हर फ्रेंड' या नावाने हवा होता, मिळाला नाही. सिनेमात शाप नाही, मांजरमाणसं नाहीत. एक एकटी, स्वप्नाळू सहा वर्षांची मुलगी आहे. वाढदिवसाला एकही मूल येत नाही. बाप चौकशी करतो, आमंत्रणं टाकली होतीस ना? टाकली होती. कुठे? तर अंगणातल्या झाडाच्या ढोलीत, कारण पूर्वी कधीतरी बापानेच सांगितलं होतं की ही जादूची टपालपेटी आहे. आता बाप चिडतो. पोरीला कळत नाही की तेव्हा खरं होतं ते आता खोटं का. दिग्दर्शक गुंथर फॉन फ्रिच वेळापत्रकात मागे पडला म्हणून सिनेमा अर्ध्यातून रॉबर्ट वाइजकडे आला. वाइज तोवर संकलक होता, 'सिटिझन केन' त्यानेच कापलेला. मार्क रॉबसनलाही पहिला सिनेमा ('द सेव्हन्थ व्हिक्टिम') ल्यूटननेच दिला. त्या वेळी वरून मोठ्या बजेटची तयारी होती, पण नवख्या रॉबसनवर नको, अशी अट होती. ल्यूटन म्हणाला, मग बजेट नको. असं सांगतात आणि मला ते पटतं.

वाईट अनुभवही आले. 'द घोस्ट शिप'वर दोन लेखकांनी चोरीचा दावा लावला. ल्यूटन लढला, हरला, आणि सिनेमा बाजारातून उचलला गेला तो जवळजवळ पन्नास वर्षं. मग ऑफिसने फ्रँकेन्स्टाइनचा राक्षस गाजवलेला बोरिस कार्लोफ गळ्यात मारला. ल्यूटनला राक्षसाचा नट नको होता. प्रत्यक्षात तीन सिनेमे झाले आणि कार्लोफ शेवटपर्यंत म्हणत राहिला की याने मला माणसात आणलं. 'द बॉडी स्नॅचर' बघाच. जुन्या एडिंबरोत प्रेतं चोरून डॉक्टरला विकणारा गाडीवाला. रस्त्यावर गाणारी एक आंधळी पोरगी कमानीखालच्या अंधारात जाते, मागून घोडागाडी जाते, शॉट तिथेच थांबलेला, गाणं ऐकू येतंय, आणि गाणं मध्येच तुटतं. झालं.

१९४६ मध्ये कर्नर गेले, 'बेडलम' चालला नाही, युनिट संपलं. त्याच सुमारास ल्यूटनला हृदयविकाराचा पहिला झटका आला. पुढची पाच वर्षं मी भराभर सांगते, कारण सांगण्यासारखं थोडं आहे. पॅरामाउंटमध्ये एक सिनेमा, एमजीएममध्ये डेबरा कारला घेऊन एक. मोठे स्टुडिओ, मोठे पगार, मोठ्या मीटिंगा, आणि सगळ्यांचं मत विचारून झालेली पानं. दोन्ही सिनेमे कोणाला आठवत नाहीत. मधल्या काळात वाइज आणि रॉबसन यांच्याबरोबर स्वतःची कंपनी काढायचं ठरलं आणि त्या दोघांनी त्याला बाहेर ठेवलं. ज्यांना त्याने दिग्दर्शक केलं तेच दोघे. धंद्यात असं होतं, मी दोन्ही बाजूंनी पाहिलेलं आहे. तरी हे वाचताना मला त्या दोघांचा राग आलाच.

शेवटचा सिनेमा युनिव्हर्सलसाठी, 'अपाची ड्रम्स', रंगीत वेस्टर्न. त्यातली शेवटची वीसेक मिनिटं गाव चर्चमध्ये कोंडलेलं आहे, खिडक्या खूप उंचावर, बाहेर फक्त ढोल, आणि अंग रंगवलेले अपाची जमातीचे लोक त्या खिडक्यांतून एकेक करून आत उडी टाकतात. वेस्टर्नच्या वेषात पुन्हा भयपट. तो थिएटरात लागायच्या आधीच, १४ मार्च १९५१ रोजी ल्यूटन हृदयविकाराच्या झटक्याने गेला. वय ४६.

वाइज पुढे 'वेस्ट साइड स्टोरी' आणि 'द साउंड ऑफ म्युझिक'चा दिग्दर्शक झाला. १९६३ साली त्याने 'द हाँटिंग' काढला, ज्यात भूत एकदाही दिसत नाही, फक्त एक लाकडी दार आतल्या बाजूला फुगतं. तो ल्यूटनच्या स्मरणार्थ आहे, असं त्याने सांगून ठेवलंय. तेवढ्यापुरता माझा राग कमी.

बघायचे असतील तर सुरुवात 'कॅट पीपल'पासून करू नका, त्याच्याबद्दल आधीच फार ऐकून झालेलं असतं. आधी 'झोंबी', मग 'लेपर्ड मॅन', मग 'बॉडी स्नॅचर'. 'कर्स' घरात लहान मूल असेल तर त्याच्याबरोबर बघा, नावाला घाबरू नका. 'आइल ऑफ द डेड' मधला अर्धा तास रटाळ आहे, पण सोडून उठलात तर शेवट हुकेल. आणि आमच्या धंद्यातल्या कोणी बघितले, तर 'लेपर्ड मॅन'चा तो पिठाचा प्रसंग कागदावर उतरवून काढा. मी काढलाय. आईच्या तोंडची वाक्यं मोजून थोडी आहेत, आणि त्यातलं एकही घाबरलेलं नाही, कडी अडकेपर्यंत.